शर : कमानीच्या वाकाचे जुने माप आणि त्याच्या नावाचा प्रश्न

वर्तुळाच्या एखाद्या कंसाची दोन टोके सरळ रेषेने जोडली की जीवा मिळते. जीवेच्या मध्यापासून कंसाच्या मध्यापर्यंत काढलेला रेषाखंड म्हणजे शर. कंस हे धनुष्य, जीवा ही त्याची दोरी आणि दोरीच्या मध्यावर टेकवलेला बाण हा शर, असे हे चित्र आहे. कंस किती वाकलेला आहे हे शर सांगतो. जीवा तेवढीच ठेवून शर वाढवला की कमान फुगते, कमी केला की ती सपाट होते आणि शून्यावर आला की कंस जीवेला मिळून सरळ रेषा होतो.

भूमितीत इतके साधे आणि कामाचे माप दुसरे क्वचितच असेल. मराठी शाळेतल्या वर्तुळाच्या धड्यात जीवा, कंस, त्रिज्या, व्यास, स्पर्शिका, वर्तुळपाकळी, वर्तुळखंड ही सगळी नावे भेटतात, शर मात्र भेटत नाही. दुसरीकडे खगोलाच्या मराठी पुस्तकांत हाच शब्द अगदी वेगळ्या अर्थाने नांदतो. रेल्वेच्या रुळांवर हे माप सर्रास घेतले जाते, पण परक्या नावाने. शर या संज्ञेचा अर्थ कसा घडला, तो कुठे कुठे फाटला आणि मराठीत आज तिची जागा कोणती, याचा हा आढावा.

धनुष्याचे कुटुंब

वर्तुळाच्या भागांना धनुष्याची नावे देण्याची भारतीय पद्धत फार जुनी आहे. कंसाला चाप किंवा धनु, दोरीला ज्या, जीवा, मौर्वी किंवा शिंजिनी, आणि बाणाला शर, बाण किंवा इषु. जैन ग्रंथांत या कुटुंबाचा वापर भूगोलासाठी झाला. जंबूद्वीप हे एक लाख योजने व्यासाचे वर्तुळ मानले होते आणि त्याच्या दक्षिण टोकाचे भरतक्षेत्र धनुष्याच्या आकाराचे. या धनुष्याचा इषु ५२६ पूर्णांक ६/१९ योजने सांगितला आहे. एवढ्यावरून जीवा आणि धनुष्याच्या पाठीची लांबी काढायची. पाठीसाठी नियम असा होता : शराचा वर्ग सहापट करावा, त्यात जीवेचा वर्ग मिळवावा आणि वर्गमूळ घ्यावे. हा नियम अचूक नाही, पण टाकाऊही नाही. व्यास १०, जीवा ६ आणि शर १ घेतला तर तो कंसाची लांबी सुमारे ६.४८ देतो. खरी लांबी ६.४४ च्या थोडी आत आहे.

आर्यभटाने इ.स. ४९९ मध्ये दिलेला नियम मात्र पूर्ण अचूक आहे. जीवा वर्तुळाचे दोन कंस करते, म्हणून शरही दोन होतात. या दोन शरांचा गुणाकार अर्ध्या जीवेच्या वर्गाइतका असतो. दहावीच्या पुस्तकात एकमेकींना छेदणाऱ्या दोन जीवांच्या भागांचे जे प्रमेय आहे, त्याचेच हे खास उदाहरण आहे. इथे दोन जीवांपैकी एक व्यास आहे आणि ती दुसरीला मध्यावर छेदते, एवढेच. त्या प्रमेयाखाली एक ओळ वाढवून विद्यार्थ्याला शराची ओळख करून देता येईल. पाठ्यपुस्तकांनी ही जागा मोकळी ठेवली आहे, हे खटकते.

या नियमात संज्ञेविषयीची एक गोष्टही आहे, जी पुढे विसरली गेली. आर्यभटाच्या दृष्टीने शर लहान कंसाला असतो तसा मोठ्या कंसालाही असतो. लघुकंसाचा शर त्रिज्येपेक्षा लहान, विशालकंसाचा त्रिज्येपेक्षा मोठा, आणि दोन्ही मिळून व्यास. धनुष्याची उपमा इथे ताणली जाते, कारण अर्धवर्तुळाहून अधिक वाकलेले धनुष्य कोणी हातात धरत नाही. गणिताला त्याची अडचण होत नाही.

लीलावतीतला शर

महाराष्ट्राच्या दृष्टीने या संज्ञेचा सर्वांत महत्त्वाचा आधार भास्कराचार्यांची लीलावती आहे. भास्कराचार्यांचा जन्म इ.स. १११४ चा आणि ग्रंथ ११५० चा. त्यांचे नातू चंगदेव यांनी भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापल्याची नोंद चाळीसगावजवळच्या पाटण इथल्या तेराव्या शतकाच्या आरंभीच्या शिलालेखात आहे. लीलावतीवरची बुद्धिविलासिनी ही टीका कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी १५४५ मध्ये लिहिली. नियम सांगून थांबण्याऐवजी ती त्यांच्या उपपत्ती देते, हे तिचे वैशिष्ट्य. पुण्याच्या आनंदाश्रमाने द. वि. आपटे यांच्या संपादनाखाली लीलावती या टीकेसह १९३७ मध्ये छापली. ना. ह. फडके यांच्या ‘लीलावती पुनर्दर्शन’ने पुढे तोच ग्रंथ आधुनिक मराठी वाचकासमोर ठेवला.

लीलावतीत शर, जीवा आणि व्यास यांपैकी कोणतीही दोन मापे दिली असता तिसरे काढण्याचे नियम आहेत. शर हवा असेल तर व्यास आणि जीवा यांची बेरीज व वजाबाकी यांचा गुणाकार करून वर्गमूळ घ्यायचे, ते व्यासातून वजा करायचे आणि उरलेल्याचे अर्ध करायचे. ग्रंथातले उदाहरण व्यास १० आणि जीवा ६ यांचे आहे. बेरीज १६, वजाबाकी ४, गुणाकार ६४, वर्गमूळ ८. दहातून आठ गेले, दोन उरले, त्याचे अर्ध एक. शर १ आला. पलीकडचा शर ९. एक गुणिले नऊ म्हणजे नऊ, आणि अर्धी जीवा तीन, तिचा वर्गही नऊ. आर्यभटाचा नियम इथे पडताळून पाहता येतो.

लीलावतीतले कमळाचे प्रसिद्ध उदाहरणही मुळात शराचेच आहे. तळ्यात कमळाची कळी पाण्यावर एक वीत, म्हणजे अर्धा हात आहे. वाऱ्याने झुकून ती दोन हातांवर पाण्यात बुडते. पाणी किती खोल? देठाचे मूळ हे वर्तुळाचे केंद्र, देठ ही त्रिज्या, पाण्याची पातळी ही जीवा, पाण्यावरचा अर्धा हात हा शर आणि दोन हात ही अर्धी जीवा. दोनच्या वर्गाला अर्ध्याने भागले की ८, त्यातून अर्धा वजा केला की साडेसात, त्याचे अर्ध पावणेचार. पाणी पावणेचार हात खोल. शाळेत हे उदाहरण आले तर काटकोन त्रिकोणाच्या धड्यात येते आणि पायथागोरसच्या प्रमेयाने सुटते. उत्तर तेच येते, मात्र वर्तुळ नजरेआड होते आणि त्याबरोबर शरही.

आणखी एका उदाहरणात भास्कराचार्य व्यास २४० घेऊन परिघाच्या अठराव्या भागाच्या एकपट, दुप्पट, तिप्पट अशा नऊपटीपर्यंतच्या कंसांच्या जीवा काढतात. उत्तरे अनुक्रमे ४२, ८२, १२०, १५४, १८४, २०८, २२६, २३६ आणि २४० अशी आहेत. इथे जीवा शब्द पूर्ण दोरीसाठी आहे. ज्योतिषाच्या गणितात मात्र अर्धी दोरीच कामाची असते, आणि अर्थाचा गोंधळ तिथेच सुरू झाला.

पूर्ण दोरी की अर्धी

ग्रहगणितात कोनाशी संबंध अर्ध्या जीवेचा येतो. तिचे काटेकोर नाव अर्धज्या. वापरता वापरता ‘अर्ध’ गळले आणि अर्ध्या दोरीलाच ज्या म्हणू लागले. त्यामुळे संस्कृत ग्रंथांत ज्या कधी पूर्ण दोरी तर कधी अर्धी असते आणि संदर्भ पाहूनच ठरवावे लागते. अर्धवर्तुळाच्या अर्ध्या कंसाची, म्हणजे तीन राशींची किंवा ९० अंशांची ज्या ही वर्तुळातली सर्वांत मोठी अर्धज्या. ती त्रिज्या. मराठी शाळेत आज रोज उच्चारला जाणारा त्रिज्या हा शब्द असा ‘तीन राशींची ज्या’ या अर्थाचा आहे.

शराचीही तीच गत झाली. कंसाचा शर ही लांबी. त्याच्या अर्ध्या कंसाच्या कोनाची कोटिज्या, म्हणजे ९० अंशांपर्यंत उरलेल्या कोनाची ज्या, त्रिज्येतून वजा केली की जे उरते ते उत्क्रमज्या. आकृतीत ही दोन्ही एकाच रेषाखंडाची नावे आहेत. फरक इतकाच की शर पूर्ण कंसाच्या नावे मोजला जातो आणि उत्क्रमज्या अर्ध्या कंसाच्या. त्रिज्या ३४३८ कला धरून सूर्यसिद्धांतात ज्यांबरोबर उत्क्रमज्याही सांगितल्या आहेत. त्या ७ पासून सुरू होऊन ३४३८ पर्यंत जातात. पुष्कळ ग्रंथ उत्क्रमज्येलाही सरळ शर किंवा बाण म्हणतात. म्हणजे नाव एक, पण त्याच्याबरोबर पूर्ण कंस घ्यायचा की अर्धा, हे सांगितले नाही तर उत्तर चुकते.

आधुनिक त्रिकोणमितीने यात आणखी एक बदल केला. ज्या आणि कोटिज्या या लांबी होत्या, साइन आणि कोसाइन ही गुणोत्तरे झाली. त्रिज्या एक मानली की दोन्ही सारखी दिसतात. त्यामुळे लांबीचे नाव गुणोत्तराला आणि गुणोत्तराचे नाव लांबीला लागले, तरी वह्या-पुस्तकांत ते सहसा कोणाच्या लक्षात येत नाही. प्रत्यक्ष मोजणीत मात्र हा फरक टाळता येत नाही.

दोरी हरवली, बाण पोहोचला

या दोन शब्दांचा परदेशप्रवास एकमेकांच्या उलट झाला. जीवा अरबीत गेली ती नुसत्या ध्वनीने, ‘जीब’ होऊन. अरबी लिपीत स्वर गाळून लिहिलेला हा शब्द पुढे ‘जैब’ असा वाचला गेला. त्याचा अर्थ कपड्याची घडी, उराजवळची खोळ. बाराव्या शतकातल्या लॅटिन भाषांतरांनी त्या अर्थाचा ‘सायनस’ घेतला आणि तोच आजचा साइन. धनुष्याची दोरी वाटेत हरवली.

शराचे तसे झाले नाही. अरबी गणितज्ञांनी त्याला ‘सह्म’ म्हटले. त्याचा अर्थ बाण. लॅटिनमध्ये तो ‘सॅजिटा’ झाला, त्याचाही अर्थ बाणच. आजही भिंगे घासणारे आणि आरसे तपासणारे जगभर हा लॅटिन शब्द किंवा त्याचे आखूड रूप ‘सॅग’ वापरतात. म्हणजे जीवेचा उच्चार गेला आणि अर्थ सुटला, तर शराचा उच्चार बदलत राहिला आणि अर्थ टिकला. परिभाषेचा विचार करणाऱ्यांनी या जोडीकडे आवर्जून पाहावे.

शराला युरोपात दुसरेही नाव मिळाले, उलटा साइन या अर्थाचे. व्हर्साइन हा शब्द त्यातून आला. रेल्वेने पुढे तोच उचलला.

आकाशातला शर

मराठीत शर शब्दाचा सर्वांत रूढ शास्त्रीय अर्थ वर्तुळाचा नाही, आकाशाचा आहे. क्रांतिवृत्त म्हणजे सूर्याचा आकाशातला वार्षिक मार्ग. त्यावरचे अंतर तो भोग आणि क्रांतिवृत्तापासून उत्तरेस वा दक्षिणेस असलेले कोनीय अंतर तो शर. शंकर बाळकृष्ण दीक्षितांच्या ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’ या १८९६ च्या ग्रंथापासून आजच्या खगोलविषयक मराठी लेखनापर्यंत ही जोडी स्थिर आहे. ग्रहणाच्या गणितात चंद्राचा शर कळीचा असतो. तो लहान असेल तरच अमावास्येला वा पौर्णिमेला ग्रहण लागते. सिद्धांतग्रंथांनी चंद्राचा परम शर साडेचार अंश धरला, आधुनिक मान पाच अंशांच्या थोडे वर आहे. याच कल्पनेला जुन्या ग्रंथांत विक्षेप असेही म्हटले आहे.

या अर्थाचा धनुष्याशी संबंध सैल आहे. इथे शर हे कोनाचे माप आहे, लांबीचे नव्हे, आणि त्याच्यासाठी जीवाही काढलेली नसते. भरीला शर, बाण आणि इषु हे शब्द भूतसंख्येत, म्हणजे शब्दांनी अंक सांगण्याच्या रीतीत, पाच या अंकासाठी येतात, मदनाच्या पाच बाणांवरून. लीलावतीत परीघ आणि व्यास यांचे गुणोत्तर सांगताना १२५० या संख्येतला पाच ‘बाण’ या शब्दानेच आला आहे. म्हणजे जुने ज्योतिष वाचणाऱ्याला एकाच शब्दासमोर चार वाटा दिसतात : कंसाची उंची, उत्क्रमज्या, क्रांतिवृत्तापासूनचे अंतर आणि पाच. संदर्भ पाहून योग्य वाट निवडता येते हे खरे, तरी शब्दकोशात हे चारही अर्थ क्रमांक देऊन वेगळे ठेवणे गरजेचे ठरते.

महाराष्ट्रापुरती आणखी एक गोष्ट नोंदवावी लागेल. बुद्धिविलासिनी लिहिणाऱ्या याच गणेश दैवज्ञांनी त्याआधी, १५२० मध्ये, ग्रहलाघव रचले. ज्या आणि चाप यांचा उपयोग न करता ग्रहगणित सिद्धीस नेणे हा त्या ग्रंथाचा विशेष. महाराष्ट्रातल्या पंचांगकर्त्यांनी पिढ्यानपिढ्या तो आधार मानला. त्यांच्या हातून आकाशातला शर रोज काढला जात होता, पण त्यासाठी धनुष्याच्या दोरीची आणि बाणाची कोष्टके उघडावी लागत नव्हती.

रुळावरची दोरी

शराचे सर्वांत जिवंत रूप पाहायचे तर रेल्वेच्या वळणावर जावे. रेल्वेच्या स्थापत्य अभियंत्यांना प्रशिक्षण देणारी इरिसेन ही संस्था १९५९ पासून पुण्यात आहे. वळणांची देखभाल हा तिथल्या अभ्यासाचा नेहमीचा भाग आहे, आणि त्या देखभालीचा पाया शराची मोजणी आहे. तिथे त्याला व्हर्साइन म्हणतात.

वळणाच्या बाहेरच्या रुळावर दर दहा मीटरवर खूण करतात. वीस मीटर लांब नायलॉनची दोरी एक खूण सोडून पुढच्या खुणेपर्यंत ताणून धरतात. मधल्या खुणेपाशी दोरीपासून रुळाच्या कडेपर्यंतचे अंतर पट्टीने मिलिमीटरमध्ये वाचतात. मग दोरी दहा मीटर पुढे सरकवून पुन्हा तेच. लीलावतीतली दोरी आणि बाण इथे अक्षरशः माणसांच्या हातात असतात.

शर जीवेच्या मानाने अगदी लहान असला की सूत्र सोपे होते : जीवेच्या वर्गाला त्रिज्येच्या आठपटीने भागले की शर मिळतो. वीस मीटरच्या दोरीसाठी ते असे : ५०,००० ला शराच्या मिलिमीटरांनी भागावे, त्रिज्या मीटरमध्ये मिळते. शर १४३ मिलिमीटर आला तर वळण सुमारे ३५० मीटर त्रिज्येचे. ब्रॉडगेजवर साध्या मार्गासाठी परवानगी असलेले सर्वांत तीव्र वळण १० अंशांचे, म्हणजे १७५ मीटर त्रिज्येचे. तिथे शर २८६ मिलिमीटर येतो. सांध्यापाशी वळण आखूड असते, म्हणून तिथे सहा मीटरची दोरी घेतात.

या सोप्या सूत्रात लीलावतीतल्या नियमातले शराच्या वर्गाचे पद सोडून दिलेले आहे. ३५० मीटरच्या वळणावर त्यामुळे पडणारी चूक मिलिमीटरच्या तीन शतांशांइतकी असते. ४४ मीटर त्रिज्येच्या नॅरोगेज वळणावर मात्र सोपे सूत्र १,१३६ मिलिमीटर सांगते आणि खरा शर १,१५१ मिलिमीटरच्या आसपास येतो. पंधरा मिलिमीटरचा फरक पट्टीवर स्वच्छ दिसतो. वळण जितके तीव्र, तितकी जुन्या पूर्ण नियमाची गरज जास्त.

दुरुस्तीची रीत याहून देखणी आहे. समजा एका खुणेवर शर १६० आला आणि दोन्ही शेजारच्या खुणांवर १३४. मधली खूण १७ मिलिमीटर आत सरकवली तर तिचा शर १४३ होतो. शेजारच्या दोन्ही खुणांच्या दोऱ्यांचे एक टोक याच खुणेवर असते, म्हणून त्यांचे शर प्रत्येकी साडेआठने वाढून १४२.५ होतात. आधी तिन्हींची बेरीज ४२८ होती, नंतरही ४२८ च. रूळ कुठेही सरकवला तरी एका ठिकाणी जेवढे कमी होते तेवढे शेजारी मिळून वाढते. वळण एकूण किती वळते ते बदलत नाही, ते सारखे वाटले जाते. संपूर्ण वळणाचा आराखडा केवळ शरांच्या यादीवरून सुधारता येतो, आणि त्यासाठी वर्तुळाचे केंद्र कुठे आहे हे कोणाला माहीत असण्याची गरज नसते. घाटात ते केंद्र बहुधा डोंगराच्या पोटात किंवा दरीवर असते.

भाषेच्या दृष्टीने इथला पेच असा : व्हर्साइन हे मूळ कोनाच्या फलाचे नाव, आणि रुळावर मोजली जाते ती लांबी. पूर्ण जीवेच्या मध्यावरची, मिलिमीटरमधली. ती शराच्या व्याख्येत तंतोतंत बसते. व्हर्साइनच्या व्याख्येत बसवण्यासाठी तिला त्रिज्येने भागावे लागते आणि कोन निम्मा करावा लागतो.

गवंडी, भिंग आणि तबकडी

कमान बांधणाऱ्याला गाळ्याची रुंदी आणि कमानीची उंची ठाऊक असते, त्रिज्या शोधायची असते. गाळा चार मीटर आणि कमानीची उंची एक मीटर असेल तर अर्ध्या गाळ्याचा वर्ग चार, त्याला एकने भागून एक मिळवले की व्यास पाच, म्हणून अडीच मीटरची दोरी घेऊन कमान आखायची. इथे शराला कोणी शर म्हणत नाही. उंची म्हटले की काम भागते.

महाविद्यालयाच्या प्रयोगशाळेतले स्फेरोमीटर हेच मोजते. तीन पायांच्या पातळीपासून मधला स्क्रू किती वर किंवा खाली गेला ती लांबी म्हणजे भिंगाच्या पृष्ठभागाचा शर. पायांमधल्या अंतराच्या वर्गाला त्या लांबीच्या सहापटीने भागायचे आणि त्यात लांबीचे अर्ध मिळवायचे, की वक्रतात्रिज्या आली. प्रयोगवहीत हे सूत्र पाठ करून लिहिले जाते. ते भास्कराचार्यांच्या नियमाचे थेट रूप आहे हे सांगणारी एक ओळ तिथे असायला हरकत नाही.

पुणे जिल्ह्यातल्या खोडदजवळच्या जीएमआरटी या रेडिओ दुर्बिणीच्या ३० तबकड्या प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या आहेत. त्यांचा छेद वर्तुळाचा नसून अन्वस्ताचा आहे आणि नाभीय अंतर सुमारे साडेअठरा मीटर. काठापासून तळापर्यंतची खोली गणिताने सुमारे ६.८ मीटर येते. तिला शर म्हणावे काय? इथून संज्ञेचा कठीण भाग सुरू होतो.

वर्तुळाबाहेर गेल्यावर

वर्तुळात शराच्या तीन व्याख्या एकच उत्तर देतात. जीवेच्या मध्यावर उभा केलेला लंब कंसाला मिळेपर्यंतची लांबी, जीवेपासून कंसाचे सर्वांत जास्त अंतर, आणि सममितीच्या अक्षावरचा तुकडा. जीएमआरटीच्या तबकडीचा काठ अक्षाला काटकोनात असल्यामुळे तिथेही तिन्ही जुळतात. जीवा तिरकी झाली की त्या फुटतात.

क्ष च्या वर्गाइतका य असलेले साधे अन्वस्त घ्यावे आणि (०, ०) व (२, ४) हे बिंदू जोडावेत. जीवेच्या मध्यातून अक्षाला समांतर मोजले तर अंतर १ येते. जीवेपासून वक्राचे सर्वांत जास्त लंब अंतर सुमारे ०.४५ आहे. जीवेच्या मध्यावरच लंब टाकला तर तो वक्राला सुमारे ०.३९ वर भेटतो. एकच जीवा, एकच वक्र, तीन शर. यांपैकी खरा कोणता, याचे उत्तर परंपरेत नाही, कारण परंपरेने हा प्रश्न विचारला नव्हता. तिचा शर वर्तुळाचा होता.

व्यवहाराने आपापली निवड केली आहे. रुळावर दोरीच्या मध्यावर मोजतात, मग ते वर्तुळाकार वळण असो वा सरळ मार्गाला वळणाशी जोडणारे संक्रमण वळण. पत्रा किंवा तुळई किती वाकली ते पाहणारा सर्वांत जास्त अंतर घेतो. विजेच्या तारा ओढणारा झोल उभ्या दिशेत मोजतो, कारण तारेवर भार त्याच दिशेने असतो. प्रत्येकाची निवड त्याच्या कामापुरती बरोबर आहे.

गणिताला या भेदाची फार झळ बसत नाही, कारण जीवा लहान लहान करत नेली की लंब दिशेत मोजलेले दोन्ही शर एकमेकांना मिळत जातात. शराच्या आठपटीला जीवेच्या वर्गाने भागून जीवा शून्याकडे नेली की वक्रता मिळते. वक्रता ही आधुनिक भूमितीतली मध्यवर्ती कल्पना शराच्या मोजणीतून अशी सरळ उभी राहते, आणि वीस मीटरची दोरी घेऊन उभे असलेले लोक खरे तर वक्रताच वाचत असतात.

मराठी नावाविषयीच्या तीन भूमिका

मराठी परिभाषेत वर्तुळाचे शब्द एका मुशीतून आलेले नाहीत. केंद्रीय परिभाषेत आणि हिंदीत वृत्त आणि चाप चालतात, मराठीत वर्तुळ आणि कंस. जीवा, त्रिज्या आणि व्यास दोन्हींत समान. चाप मराठीत भूमितीतून सुटला आणि बंदुकीला जाऊन बसला. कंस भूमितीबरोबर लेखनातही आला, तिथे तो मजकुराच्या दोन्ही बाजूंना उभा राहतो. पुण्यात १९४८ मध्ये प्रसिद्ध झालेला दाते-कर्वे यांचा शास्त्रीय परिभाषा कोश, राज्यस्थापनेनंतर भाषा संचालनालयाने केलेले कोश आणि मराठी विश्वकोश यांनी ही परिभाषा स्थिर करण्याचे मोठे काम केले. पाठ्यपुस्तकांतून ती बालभारतीने घरोघरी नेली.

शराबाबत तीन दिशांनी विचार होऊ शकतो, आणि तिन्हींत तथ्य आहे.

पहिली भूमिका परंपरेची : शब्द तयार आहे, अर्थ नेमका आहे, जीवेबरोबर त्याचे चित्र आपोआप उभे राहते, मग नवा घडवायचा कशाला? शरसंधान, शरपंजरी यांमुळे शर मराठी कानाला परका नाही. आक्षेप असा की खगोलात तो वेगळ्या अर्थाने घट्ट बसला आहे, आणि शेजारशेजारच्या विद्याशाखांत एकाच शब्दाचे दोन अर्थ नकोत. यावर पर्याय म्हणून ‘कंसशर’ असे जोडनाव सुचवता येते किंवा बाण हा पर्यायी शब्द भूमितीकडे देता येतो.

दुसरी भूमिका कामाच्या ठिकाणची : रुळावर व्हर्साइन, भिंगाच्या कारखान्यात सॅग, तारांवर झोल असे शब्द चालू आहेत आणि सुरक्षिततेच्या कामात प्रचलित शब्द बदलू नये. हा मुद्दा हलका नाही. विज्ञान शाखेचा विद्यार्थी अकरावीपासून बहुतेक इंग्रजीतच शिकतो, त्यामुळे मराठी संज्ञा त्याच्याबरोबर दहावीपुढे जात नाही. त्यावर उत्तर असे दिले जाते की शब्द बदलण्याची मागणीच नाही. व्हर्साइन म्हणणाऱ्याला तो शर आहे हे माहीत असले की त्याचा संबंध वर्तुळाच्या धड्याशी जुळतो.

तिसरी भूमिका वर्णनाची : कंसाची उंची, खोली, बाक असे साधे शब्द वापरावेत. विद्यार्थ्याला ते लगेच कळतात. पण कमानीत जी उंची ती तबकडीत खोली होते आणि आडव्या रुळावर दोन्ही शब्द लागू पडत नाहीत. बाक हा शब्द गुण सांगतो, माप सांगत नाही.

या तिन्हींत पहिली भूमिका अधिक सबळ दिसते, ती शब्द जुना आहे म्हणून नव्हे. जीवा शाळेत आधीच आहे. दोरी शिकवली आहे, बाण शिकवायचा राहिला आहे. खगोलातला शर कोनात मोजला जातो आणि भूमितीतला लांबीत, त्यामुळे गोंधळाची शक्यता कागदावर वाटते तितकी मोठी नाही. एकाच पानावर दोन्ही आले तर कंसशर म्हणावे. व्हर्साइन हा शब्द कोनाच्या फलासाठी राखावा.

तरी काही गोष्टी ठरायच्या उरतात. विशालकंसालाही शर मानायचा की व्याख्या लघुकंसापुरती बांधायची, हे कोशांनी सांगायला हवे. आर्यभटाचा सुंदर नियम जपायचा तर पहिला पर्याय घ्यावा लागतो. शर म्हणजे रेषाखंड की त्याची लांबी, हाही प्रश्न आहे. त्रिज्या आणि व्यास यांच्याबाबतीत मराठी पुस्तके दोन्ही अर्थांना जागा देतात, तीच सवलत शराला देता येईल. वर्तुळाखेरीज इतर वक्रांसाठी मात्र तीनपैकी एक व्याख्या निवडल्याशिवाय गत्यंतर नाही. दोरीच्या मध्यावरची मोजणी हातात सर्वांत सोपी आहे, सर्वांत जास्त अंतराची व्याख्या सिद्धांतात सर्वांत सोयीची आहे, आणि (०, ०) ते (२, ४) या एका जीवेवर त्यांची उत्तरे ०.३९ आणि ०.४५ अशी वेगळी राहतात.